दसऱ्याच्या निर्माल्यात एफएसएसएआयचं कार्ड गेलं, दुसरं कसं मिळवायचं?

सुगरण_करीरोड | सोम, १४ ऑक्टोबर २०२४, रात्री ११.१०

नमस्कार मंडळी. एरवी मी इथे वाचनमात्र असते. आज गळ्याशी आलंय म्हणून धागा काढतेय.

करी रोड स्टेशनपासून पाच मिनिटांवर आमचं पोळी-भाजी केंद्र आहे. सासूबाईंनी सुरू केलेलं, आता मी बघते. रोजच्या पोळ्या, दोन भाज्या, सणावाराला पुरणपोळी आणि दिवाळीला फराळ. एफएसएसएआयकडची, म्हणजे सरकारच्या अन्नसुरक्षा प्राधिकरणाकडची नोंदणी सासूबाईंच्या नावावर आहे, कार्डावर फोटोही त्यांचाच.

शनिवारी दसऱ्याला नेहमीप्रमाणे पूजा मांडली. पोळपाट, लाटणी, तवे, वजनकाटा, कणीक मळायचं मशीन. सासूबाई म्हणाल्या, सरकारने दिलेलं कार्डही ठेव, आपल्या धंद्याचं तेही शस्त्रच. ठेवलं. वर झेंडू, आपट्याची पानं, तांदूळ. रविवारी सकाळी पोळ्या लाटायला येणाऱ्या मावशींनी पाटावरचं सगळं वर्तमानपत्रात गुंडाळलं आणि जाता जाता निर्माल्य कलशात टाकलं. कार्ड पानांखाली होतं. मी दुपारी धावत गेले तोवर कलश रिकामा.

भिंतीवर फ्रेममध्ये मोठं सर्टिफिकेट होतं, पण जुलैत वरच्या मजल्यावरून पाणी झिरपलं आणि ओल धरून शाई उतरली. आता त्यावर सासूबाईंचा अर्धा चेहरा आणि सुरुवातीचा २ एवढंच दिसतं.

आज लोअर परळच्या एका ऑफिसातून फोन आला. फराळाचे १२० बॉक्स हवेत, पण शुक्रवारपर्यंत एफएसएसएआयच्या सर्टिफिकेटची प्रत पाठवा म्हणे. ज्या एजंटने तेव्हा काम करून दिलं होतं त्याला विचारलं. तो म्हणतो अडीच हजार रुपये आणि पंधरा दिवस. पोलिसात जायचं का? प्रतिज्ञापत्र लागतं का? सासूबाईंना रात्री झोप नाही. मावशी तर रडायलाच लागल्या होत्या.

---

आगाऊ_पोपट | सोम, १४ ऑक्टोबर, रात्री ११.३२

सोनं घ्या, सोन्यासारखं राहा. पण सोन्याखाली कार्ड कशाला ठेवलंत ताई!

(हलकेच घ्या. मावशींना सांगा, आमच्याकडे एकदा हरतालिकेच्या पत्रीबरोबर रिमोट गेला होता.)

---

मिलिंद_के | मंगळ, १५ ऑक्टोबर, सकाळी ८.०५

ताई, क्रम असा. आधी पोलीस ठाण्यात गहाळ झाल्याची नोंद. मग शंभराच्या स्टँपवर प्रतिज्ञापत्र. आता बहुतेक पाचशेचा लागेल, सरकारने शंभराचा बंद करायचं ठरवलंय अशी बातमी आहे. मग एका मराठी आणि एका इंग्रजी पेपरात जाहीर सूचना. हे सगळं जोडून अर्ज. माझ्या मामांचं शेअर सर्टिफिकेट हरवलं तेव्हा असंच केलं होतं.

---

गिरगावकर | मंगळ, १५ ऑक्टोबर, सकाळी ९.२०

एक विचारतो. तुमचं नक्की काय हरवलंय? पालिकेचा कलम ३९४ चा परवाना, गुमास्ता (दुकानाची नोंदणी) आणि एफएसएसएआय ही तीन वेगवेगळी प्रकरणं. आमच्या खानावळीत तिन्ही एका ओळीत टांगलेली आहेत. लोक सर्रास एकाला दुसरं समजतात. ३९४ हरवला असेल तर वॉर्ड ऑफिसच्या आरोग्य खात्यात जावं लागेल, त्यात केंद्र सरकारचा काही संबंध नाही.

---

सुगरण_करीरोड | मंगळ, १५ ऑक्टोबर, सकाळी ९.४१

गिरगावकर, एफएसएसएआयचंच. छोटं, लॅमिनेट केलेलं, फोटोवालं.

---

जुनाजाणता | मंगळ, १५ ऑक्टोबर, सकाळी ११.१५

एफडीएत, म्हणजे राज्याच्या अन्न व औषध प्रशासनात आयुष्य गेलं, आता निवृत्त आहे. म्हणून जरा सविस्तर लिहितो. चहा घेऊन बसा.

पहिलं म्हणजे मिलिंदराव, शेअर सर्टिफिकेट आणि हे कार्ड यांत फरक आहे. शेअर सर्टिफिकेट कोणाच्या हाती पडलं तर त्याचा गैरवापर होऊ शकतो, म्हणून तिथे एवढे सोपस्कार. या कार्डाचा चोराला काय उपयोग? फोटो यांच्या सासूबाईंचा, पत्ता करी रोडचा. ते घेऊन कोणी विरारला वडापावची गाडी लावू शकत नाही. स्टँप, जाहीर सूचना यांत पैसे घालू नका.

दुसरं, हे कार्ड म्हणजे काय ते समजून घ्या. २००६ चा अन्नसुरक्षा कायदा प्रत्यक्ष लागू झाला ५ ऑगस्ट २०११ पासून. त्याआधी १९५४ चा भेसळ प्रतिबंधक कायदा होता आणि आम्हाला अन्न निरीक्षक म्हणत. नव्या कायद्याने आम्ही अन्न सुरक्षा अधिकारी झालो, पगार तोच. वर्षाची उलाढाल १२ लाखांपर्यंत असेल त्याला परवाना लागत नाही, नुसती नोंदणी पुरते. त्या नोंदणीबरोबर एक प्रमाणपत्र आणि एक फोटो ओळखपत्र द्यायचं आणि ते दुकानात किंवा हातगाडीवर लोकांना दिसेल असं लावायचं, असं २०११ च्या नियमांतच लिहिलेलं आहे. तुमचं गेलेलं कार्ड ते.

२०११ च्या नियमांत हरवलेल्या, फाटलेल्या प्रमाणपत्राच्या दुसऱ्या प्रतीचीही सोय होती, शुल्काच्या दहा टक्के भरून. नोंदणीचं शुल्क वर्षाला १०० रुपये, त्याचे दहा टक्के किती ते एजंटला विचारा. अर्थात आता त्याचीही गरज पडत नाही. फॉस्कॉस नावाची सरकारी प्रणाली २०२० पासून आहे. तुमच्या खात्यात शिरलात की प्रमाणपत्राची पीडीएफ उतरवून घेता येते. झेरॉक्सवाल्याकडून रंगीत छापा, लॅमिनेट करा, लावा. अडीच हजार नाही, पन्नास रुपयांचं काम.

मात्र खात्यात शिरता आलं तर. तेव्हा एजंटने कोणाचा मोबाइल आणि कोणाचा ईमेल घातला होता?

---

सुगरण_करीरोड | मंगळ, १५ ऑक्टोबर, दुपारी १२.०२

काका, खूप खूप आभार. तुम्ही बरोबर दुखऱ्या जागी बोट ठेवलंत. ईमेल एजंटचा, याहूचा कुठलातरी. मोबाइल आमच्या ह्यांचा, पण जुना. तो नंबर २०२१ मध्ये बंद केला. आणि मुळात नोंदणीचा नंबरच माहीत नाही, तर शिरू कुठून?

---

आगाऊ_पोपट | मंगळ, १५ ऑक्टोबर, दुपारी १२.१०

नंबर झोमॅटोवर बघा ना. हॉटेलच्या पानावर अगदी तळाला बारीक अक्षरांत लिहिलेला असतो. आम्ही रिकामटेकडे लोक तेही वाचतो.

---

सुगरण_करीरोड | मंगळ, १५ ऑक्टोबर, दुपारी १२.२५

आम्ही त्या ॲपवर नाही हो. आमची गिऱ्हाइकं खिडकीतून हाक मारतात.

---

कांदेपोहे | मंगळ, १५ ऑक्टोबर, दुपारी १.४०

गेल्या वर्षीच्या फराळाची पाकिटं? पाकीटबंद खाण्यावर नंबर छापावा लागतो. लेबलं छापली असतील तर छापखान्याकडे फाइल असणार. तुमच्याकडेही शंभरेक उरलेली असतीलच, लेबलं कधी बरोब्बर संपत नाहीत.

---

सुगरण_करीरोड | मंगळ, १५ ऑक्टोबर, दुपारी ३.१८

कांदेपोहे, तुमच्या तोंडात चकली पडो! शंकरपाळ्यांच्या डब्याच्या तळाशी लेबलांची गड्डी सापडली. चौदा आकडी नंबर आहे, २१५१९ ने सुरू होणारा.

---

जुनाजाणता | मंगळ, १५ ऑक्टोबर, दुपारी ४.००

पूर्ण नंबर इथे टाकला नाहीत हे बरं केलंत. एवढ्यावरूनही पुष्कळ कळतं. पहिला २ म्हणजे नोंदणी, परवाना असता तर १ असता. पुढचे १५ म्हणजे महाराष्ट्र. त्यापुढचे १९ म्हणजे २०१९.

आता एक करा. फॉस्कॉसच्या पहिल्याच पानावर एफबीओ (म्हणजे अन्नव्यवसाय करणारे) सर्च आहे. तिथे नंबर टाका. त्याला लॉगिन लागत नाही, कोणालाही कोणाचाही नंबर तपासता येतो. नोंदणी चालू आहे की नाही ते दिसेल. २०१९ ची असेल तर मला दुसरीच शंका येतेय, ती तुम्ही बघितल्यावर बोलू.

आणि साइट बघून उघडा. शेवटी गव्ह डॉट इन हवं. तिरंगा आणि अशोकस्तंभ लावून बसलेल्या खाजगी साइट शोधयंत्रावर सगळ्यांत वर येतात आणि शंभराच्या कामाला दोन हजार मागतात.

---

कँटीनवाला | मंगळ, १५ ऑक्टोबर, संध्याकाळी ६.३०

धागा पळवत नाही, पण माझाही प्रश्न याच जातीचा. अंधेरी एमआयडीसीत एका कंपनीचं कँटीन बघतो. काल विरार फास्टमध्ये पाकीट मारलं. त्यात माझं फूड सेफ्टी सुपरवायझरचं ट्रेनिंग सर्टिफिकेट होतं, घडी घालून ठेवलेलं. सोमवारी ऑडिट. मलाही फॉस्कॉसवरच मिळेल का?

---

जुनाजाणता | मंगळ, १५ ऑक्टोबर, संध्याकाळी ७.१०

नाही. तुमचं फॉस्टॅक, म्हणजे एफएसएसएआयचा प्रशिक्षण कार्यक्रम. नावं सारखी वाटतात, घोळ होतोच. यांचं कार्ड धंद्याचं आहे, तुमचं सर्टिफिकेट माणसाचं. नोकरी बदललीत तर ते तुमच्याबरोबर जाईल. दर २५ कामगारांमागे असा एक प्रशिक्षित माणूस हवा म्हणून ऑडिटवाले विचारतात. फॉस्टॅकची साइट वेगळी, लॉगिन वेगळं. प्रशिक्षण ज्यांच्याकडे घेतलंत त्यांच्याकडे तुमच्या बॅचची नोंद असेल. तारीख सांगा, प्रत मिळेल. सर्टिफिकेट दोनच वर्षं चालतं, तेवढं तपासा.

---

लोकलकर | मंगळ, १५ ऑक्टोबर, रात्री ८.२५

पाकीट लोकलमध्ये मारलं असेल तर तक्रार लोहमार्ग पोलिसांकडे, घराजवळच्या ठाण्यात हेलपाटा घालू नका. नुसतं हरवलं असेल तर मुंबई पोलिसांच्या साइटवर लॉस्ट अँड फाउंडमध्ये घरबसल्या नोंद होते. सर्टिफिकेट जाऊ दे, पण आधार, पॅन, बँकेचं कार्ड असेल तर नोंद हवीच.

---

कँटीनवाला | मंगळ, १५ ऑक्टोबर, रात्री ९.५०

मंडळी, लाजायची वेळ आली. बायको म्हणाली, ईमेल बघितलास का? बघितला. गेल्या वर्षीच्या मार्चमध्ये पीडीएफ आलेली, मी उघडलीही नव्हती. मुदत पुढच्या मार्चपर्यंत आहे. पाकिटातले साडेआठशे रुपये गेले ते गेले.

---

आगाऊ_पोपट | मंगळ, १५ ऑक्टोबर, रात्री ९.५५

वहिनींना सुपरवायझर करा.

---

स्नॅक्स_सेंटर | बुध, १६ ऑक्टोबर, सकाळी ७.४५

आमच्या मुलांची मेडिकल सर्टिफिकेटं दुकान रंगवताना रंगाऱ्याने कुठे टाकली देव जाणे. त्याची डुप्लिकेट कुठून?

---

डॉक्टरीणबाई | बुध, १६ ऑक्टोबर, सकाळी ८.३०

दादा, डुप्लिकेटच्या मागे लागण्याआधी तारीख आठवा. अन्न हाताळणाऱ्यांची तपासणी वर्षातून एकदा व्हायलाच हवी. आठ-दहा महिने झाले असतील तर सरळ नव्याने करून घ्या. नोंदणीकृत डॉक्टरने सही केलेला ठरलेला नमुना असतो. त्यात त्वचा, डोळे, कुठला संसर्गजन्य आजार नाही ना ते पाहतात आणि टायफॉइडसारख्या आजारांची लस घेतली आहे का ते लिहितात. माझ्याकडे काही जण येतात ते म्हणतात, मॅडम, मुलगा गावी गेलाय, तुम्ही सही द्या. मुलगा गावी असेल तर त्याचा ताप मी इथून कसा बघू?

---

सॅनहोजेकर | बुध, १६ ऑक्टोबर, सकाळी ९.०२

इथे रात्र आहे, झोप येत नाही, म्हणून दोन ओळी. मी शिकत असताना एका कॅफेत काम करायचो. कॅलिफोर्नियात त्याला फूड हँडलर कार्ड म्हणतात. कामाला लागल्यापासून ३० दिवसांत काढायचं, तीन वर्षं चालतं. सॅन डिएगो, रिव्हरसाइड आणि सॅन बर्नार्डिनो या तीन काउंटींचा मात्र आपापला वेगळा कारभार. मी ते जीन्सबरोबर वॉशिंग मशीनमध्ये धुतलं होतं. घाबरत मॅनेजरला सांगितलं तर तो म्हणाला, ज्या साइटवर परीक्षा दिलीस तिथे जा आणि पुन्हा छाप. दहा मिनिटांत झालं. आमच्या वेळी फी पदराची होती, २०२४ पासून मालकाने द्यायची असा कायदा झालाय.

सांगायचं एवढंच की माझं झटकन झालं, कारण लॉगिन माझं मीच केलं होतं. तिथे एजंट नावाचा प्राणी मध्ये नव्हता.

---

मिलिंद_के | बुध, १६ ऑक्टोबर, सकाळी ९.३०

एजंटला एवढं झोडपू नका. सत्तरीच्या बाईने इंग्रजीतला ऑनलाइन अर्ज कसा भरायचा? वेळ वाचतो, माणूस पैसे मोजतो.

---

गिरगावकर | बुध, १६ ऑक्टोबर, सकाळी ९.४४

पैसे घेऊ दे की. पण अर्जात स्वतःचा ईमेल घालतो तो कशासाठी? गिऱ्हाईक पुन्हा त्याच्याच दारात यावं म्हणून. आमच्या गल्लीत एकाने चाळीस दुकानांना एकच ईमेल घातलाय.

---

सुगरण_करीरोड | बुध, १६ ऑक्टोबर, रात्री १०.३०

आज दिवसभर मोदकांची ऑर्डर होती, आत्ता बसले. नंबर टाकून बघितला. केंद्राचं नाव, पत्ता सगळं बरोबर आहे, नोंदणी चालू आहे. पण मुदत ९ नोव्हेंबर २०२४! म्हणजे भाऊबीज झाली की सहाव्या दिवशी संपतेय. आम्हाला कोणालाच पत्ता नव्हता. सासूबाई म्हणतात, आम्हाला वाटलं एकदा काढलं की झालं, रेशनकार्डासारखं.

काका, तुमची शंका हीच होती का?

---

जुनाजाणता | बुध, १६ ऑक्टोबर, रात्री १०.५०

हीच. नोंदणी एक ते पाच वर्षांची घेता येते आणि एजंट बहुधा पाचची घेतात. २०१९ मध्ये पाच मिळवले की हेच साल येतं. मुदत संपण्याआधी फोनवर मेसेज येतात, पण तुमचा फोन बंद. कार्ड निर्माल्यात गेलं नसतं तर ते नोव्हेंबरात लोंबत राहिलं असतं, जानेवारीत कोणी तपासायला आलं असतं आणि मग दंड.

तेव्हा आता नुसती प्रत काढू नका. खात्यात शिरून आधी जुनी पीडीएफ उतरवा, ती शुक्रवारी ऑफिसला पाठवा. मग लगेच नूतनीकरणाचा अर्ज करा. पाच वर्षांचे ५०० रुपये. नवं आलं की तेच लावा.

खात्यात शिरण्याचे मार्ग दोन. पासवर्ड विसरलो म्हणून ओटीपी मागवायचा, पण तो जुन्या मोबाइलवर किंवा एजंटच्या ईमेलवर जाणार. नाहीतर सासूबाईंचं आधार आणि साधा अर्ज घेऊन बीकेसीतल्या एफडीएच्या ऑफिसात जायचं आणि संपर्क बदलून मागायचा. १८००-११२-१०० ही एफएसएसएआयची हेल्पलाइन, तिथेही विचारा. सासूबाईंना चालवत असेल तर बरोबर न्या, फोटोतला माणूस समोर असला की बोलणं लवकर संपतं.

---

अंधेरीची_आसावरी | गुरु, १७ ऑक्टोबर, सकाळी ८.१५

बीकेसीला जायचं तर नवी भुयारी मेट्रो बघा, ७ तारखेपासून आरे ते बीकेसी सुरू झालीय. मी गेले, एसी मस्त, गर्दी नाही.

---

लोकलकर | गुरु, १७ ऑक्टोबर, सकाळी ८.२२

आसावरीताई, त्या करी रोडच्या. त्यांनी आधी आरेला जायचं का?

---

सुगरण_करीरोड | गुरु, १७ ऑक्टोबर, रात्री ११.४५

आज जे झालं ते लिहिल्याशिवाय झोप लागणार नाही.

संध्याकाळी ह्यांनी सहज म्हणून स्वतःचा जुना नंबर फिरवला. वाटलं, लागणारच नाही. तर रिंग गेली! एका गृहस्थांनी उचलला. वयस्कर आवाज, नाशिकहून बोलत होते. ह्यांनी चाचरत सांगितलं की हा नंबर पूर्वी आमचा होता, आमचं पोळी-भाजीचं दुकान आहे. तर ते म्हणाले, "अहो, म्हणजे तुम्हीच का ते! मला तीन वर्षं तुमच्या गिऱ्हाइकांचे फोन येतात. कोणी म्हणतं वीस पोळ्या ठेवा, कोणी म्हणतं आज भाजी कुठली. सुरुवातीला चिडायचो. नंतर सांगायला लागलो, मेथी."

मी फोन स्पीकरवर टाकला. सासूबाई हसून हसून बसल्याच.

आणि मग ते म्हणाले, गेल्या महिन्यात तुमचं कसलंसं रजिस्ट्रेशन संपतंय असा मेसेजही आला होता. सरकारी दिसला म्हणून पुसला नाही, पण कळवू कोणाला?

आम्ही खात्यावर ओटीपी मागवला, त्यांनी आकडे वाचून दाखवले. चष्मा आणायला दोन मिनिटं गेली, पहिला ओटीपी बाद झाला, दुसऱ्याला जमलं. आत शिरलो! जुन्या सर्टिफिकेटची पीडीएफ मिळाली. सासूबाईंचा २०१९ चा फोटो, काळ्या केसांतला.

---

आगाऊ_पोपट | गुरु, १७ ऑक्टोबर, रात्री ११.५८

"आज भाजी कुठली?" "मेथी." या माणसाला भारतरत्न द्या.

---

जुनाजाणता | शुक्र, १८ ऑक्टोबर, सकाळी ६.४०

वाचून मीही हसलो. पण आता आजोबांच्या भूमिकेतून. परक्या माणसाला ओटीपी विचारून खातं उघडता आलं, याचा अर्थ त्या माणसाला तुमच्याशिवायही ते उघडता आलं असतं. माणूस सज्जन निघाला हे तुमचं नशीब. आज पहिलं काम म्हणजे मोबाइल आणि ईमेल दोन्ही बदला. ईमेल सासूबाईंच्या नावाचा नवा काढा आणि पासवर्ड हिशेबाच्या वहीत लिहा. मग नूतनीकरण.

हा धागा वाचणाऱ्या बाकीच्यांनीही जुना नंबर बंद करण्याआधी तो कुठे कुठे दिलाय ते आठवा. बंद केलेला नंबर किमान ९० दिवस कोणाला देत नाहीत. त्यानंतर तो कोणाचाही होऊ शकतो.

---

सुगरण_करीरोड | शुक्र, १८ ऑक्टोबर, दुपारी २.१०

झालं काका. मोबाइल माझा, ईमेल नवा. लोअर परळच्या बाईंना पीडीएफ पाठवली. मुदत बघून त्यांनी विचारलंच, ९ नोव्हेंबरनंतर काय? नूतनीकरणाच्या अर्जाची पावती पाठवली तेव्हा १२० बॉक्स नक्की केले. ५०० रुपये यूपीआयने भरले.

अर्जाला सासूबाईंचा आत्ताचा फोटो हवा होता. मी मोबाइलवर काढला तर त्यांना पटेना. नऊवारी नेसून, नथ घालून स्टुडिओत जाऊन आल्या. "पाच वर्षं लोकांच्या डोळ्यांसमोर राहायचाय," म्हणाल्या.

(सर्टिफिकेटचा फोटो खाली देतेय, जुनं आहे.)

---

प्रशासक | शुक्र, १८ ऑक्टोबर, दुपारी २.३५

सुगरण_करीरोड, फोटो काढून टाकला आहे. त्यात पूर्ण नंबर, घरचा पत्ता आणि कोपऱ्यात आधार कार्डाची झेरॉक्स दिसत होती. सर्व सदस्यांनी कृपया काळजी घ्यावी.

---

कँटीनवाला | सोम, २१ ऑक्टोबर, रात्री ८.००

ऑडिट झालं. माझं सर्टिफिकेट कोणी विचारलंच नाही. फ्रीजमधलं तापमान लिहायची वही मागितली. ती दोन दिवस भरलेली नव्हती, त्यावर अर्धा तास.

---

सुगरण_करीरोड | गुरु, २४ ऑक्टोबर, रात्री ९.१५

नवं सर्टिफिकेट आलं! २०२९ पर्यंत. नंबर तोच राहिला त्यामुळे लेबलं फुकट गेली नाहीत. एक प्रत फ्रेममध्ये, ओलीच्या भिंतीवर नाही, गल्ल्यामागे. छोटं कार्ड लॅमिनेट करून भोक पाडून खिळ्याला अडकवलंय. मावशींनी स्वतः खिळा ठोकला. म्हणाल्या, आता पुढच्या दसऱ्याला नुसतं लांबूनच हळद-कुंकू वाहा.

छपाई, लॅमिनेशन, फ्रेम मिळून १८० रुपये. सासूबाईंच्या स्टुडिओच्या फोटोचे २५०.

---

मिलिंद_के | गुरु, २४ ऑक्टोबर, रात्री ९.४०

अभिनंदन. प्रतिज्ञापत्राचा सल्ला मागे घेतो.

---

सुगरण_करीरोड | बुध, ६ नोव्हेंबर, दुपारी ४.२०

फराळाची गडबड संपली. १२० चे शेवटी १५५ झाले. नाशिकच्या काकांना कुरिअरने एक बॉक्स पाठवला होता, आज त्यांचा फोन आला. चिरोटे आवडले, अनारसा थोडा कडक लागला म्हणाले. त्यांना आमचा नवा नंबर दिला, कोणी पोळ्या मागितल्या तर सांगा म्हणून. तर म्हणतात, "सांगेन. पण भाजी मीच ठरवणार."

---

कांदेपोहे | बुध, ६ नोव्हेंबर, संध्याकाळी ६.०५

तुमच्या भाजणीच्या चकलीचा भाव काय? दिवाळीनंतर पण मिळते का?

---

प्रशासक | बुध, ६ नोव्हेंबर, संध्याकाळी ६.३०

भाव, ऑर्डर यांसाठी 'छोट्या जाहिराती' विभागात धागा काढावा. (आणि काढल्यावर मलाही कळवावं.)